साहेबांचं चरित्र लिहायचंय, पण घरच्यांच्या अटी आहेत

नमस्कार,

तुमचं पत्र नीट वाचलं. पूर्ण छापत नाही, पण बाकीच्यांना संदर्भ लागेल म्हणून थोडक्यात सांगते. तुम्ही गेली सोळा वर्षं पेपरात राजकीय बातमीदारी करताय. ज्या नेत्याला तुम्ही सगळ्यात जवळून कव्हर केलं ते तीन वर्षांपूर्वी गेले. आता त्यांच्या मुलाने तुम्हाला बोलावून सांगितलंय की वडिलांचं चरित्र तुम्हीच लिहा, डायऱ्या आहेत, पत्रांच्या फायली आहेत, सगळं देतो, वर दरमहा मानधनही देतो. अटी दोन. छापायच्या आधी कुटुंब वाचणार आणि नको ते काढणार, आणि पक्ष फुटला त्या दीड वर्षाबद्दल "फार खोलात जायचं नाही". तुम्ही विचारताय की सही करू का, नोकरी सोडू का, आणि अगदी शेवटच्या ओळीत, की साहेबांनी मला घरच्यासारखं वागवलं, मग मी त्यांच्याबद्दल खरं लिहू शकेन का.

आधी सहीचं बोलू, कारण मुलगा उत्तराची वाट बघतोय.

या अटींवर सही करू नका. एखादीच अट असती तर काहीतरी मधला मार्ग निघाला असता, पण पैसे त्यांचे, कागद त्यांचे आणि खोडायचा अधिकारही त्यांचाच, हे सगळं एकत्र आलं की जे तयार होतं त्याला गौरवग्रंथ म्हणतात. गौरवग्रंथ लिहिणं हलकं काम आहे असं मी अजिबात म्हणत नाहीये, कुटुंबाला आणि कार्यकर्त्यांना तो हवा असतो, पुढच्या अभ्यासकाला त्यातून चार गोष्टी मिळतातही. पण मग कव्हरवर तसं स्पष्ट लिहावं. चरित्र म्हणून विकायचं आणि आतून घरच्यांनी चाळून दिलेलं, हे वाचकाशी धड वागणं नाही. आणि ते फुटीचं दीड वर्ष! ज्याला साहेबांबद्दल थोडंसुद्धा कुतूहल आहे तो पुस्तक हातात घेतल्या घेतल्या अनुक्रमणिकेत तेच शोधणार, आणि तिथे दोन गुळमुळीत पानं सापडली की बाकीची शेकडो पानं तुम्ही कितीही जीव ओतून लिहिलेली असू देत, त्यांच्यावरचाही विश्वास उडतो.

पण सही करायची नाही म्हणजे नकार कळवून मोकळं व्हायचं असं नाही. परत जा, बोला. घरच्यांना बऱ्याचदा माहितीच नसतं की अधिकृत चरित्र वेगळ्या पद्धतीनेही होऊ शकतं, त्यांना भीती असते आणि त्या भीतीतून अटी येतात. मार्गारेट थॅचर यांचं उदाहरण त्यांना सांगा. त्यांचं अधिकृत चरित्र चार्ल्स मूर यांनी लिहिलं, हे मूर स्वतः पत्रकार, थॅचरबाईंच्या विचारांचे, म्हणजे परके किंवा विरोधक नव्हेत. बाईंनी त्यांना आपले कागद खुले केले, जुने सहकारी त्यांच्याशी बोलतील असं बघितलं, आणि ठरलं होतं ते असं की त्या स्वतः हस्तलिखित वाचणार नाहीत आणि पुस्तक त्यांच्या हयातीत निघणार नाही. एप्रिल २०१३ मध्ये त्या गेल्या, त्यानंतर लगेच पहिला खंड आला, मग २०१५ ला दुसरा आणि २०१९ ला तिसरा. देशाच्या पंतप्रधान राहिलेल्या बाई जर आपल्याच चरित्राचा शब्द न वाचता कागद देऊ शकतात, तर एवढा विश्वास तुमच्यावर टाकायला मुलाला काय हरकत आहे, हे त्याला शांतपणे विचारता येईल.

तुमच्या बाजूचा करार कसा असावा तर, कागद कुठले कुठले मिळणार त्याची यादी आधीच जोडलेली, आणि त्यांचे फोटो काढायची परवानगी, कारण अर्ध्या वाटेत संबंध बिघडले आणि कपाटाला कुलूप लागलं तर नोंदवहीतल्या तुमच्या टिपणांवर कोण विश्वास ठेवणार. कुटुंबाने मसुदा वाचायला हरकत नाही, पण वाचायचा तो तारीख, नाव, नातं असल्या चुका दाखवायला, ठरलेल्या मुदतीत आणि लेखी, आणि काय बदलायचं काय नाही हे शेवटी तुम्ही ठरवणार. साहेबांची पत्रं उद्धृत करायची कायमची परवानगी आत्ताच लेखी घ्या, ही फार महत्त्वाची गोष्ट आहे आणि नवीन चरित्रकार इथेच अडकतात. पत्राचा कागद ज्याच्याकडे असतो तो कागदाचा मालक, मजकुराचा हक्क मात्र लिहिणाऱ्याचा आणि त्याच्या मागे त्याच्या वारसांचा. म्हणजे साहेबांनी लिहिलेल्या पत्रांची परवानगी मुलगा आणि बाकीचे वारस देऊ शकतात, पण साहेबांना इतरांनी लिहिलेली जी पत्रं त्या फायलींमध्ये आहेत (आणि फुटीच्या काळातली तीच जास्त बोलकी असणार) त्यांची परवानगी त्या त्या माणसाकडे मागावी लागेल. मानधन कुटुंबाकडून घेऊ नका, एक महिन्याचंसुद्धा नको. आणि जमलं तर एक कलम असंही घाला की काम संपल्यावर मूळ कागद एखाद्या ग्रंथालयात किंवा अभिलेखागारात जातील, म्हणजे उद्या कुणालाही तुमचं लिखाण तपासून बघता येईल.

नाहीच म्हणाला तर? तर त्याच्या कागदांशिवाय लिहा. मला माहितीये तुम्हाला हे वाचून धक्का बसेल, कारण तुमच्या पत्रात त्या डायऱ्यांबद्दल जितकं लिहिलंय तितकं दुसऱ्या कशाबद्दलच नाहीये. पण घरातल्या कपाटाचं इतकं ओझं घेऊ नका. एडमंड मॉरिस यांना रोनाल्ड रेगन अध्यक्ष असतानाच अधिकृत चरित्रकार म्हणून नेमलं होतं, व्हाइट हाउसमध्ये येणंजाणं, खुद्द रेगनशी गप्पा, म्हणजे असा प्रवेश फार थोड्यांना मिळतो. त्याआधी थिओडोर रूझवेल्टच्या चरित्राला पुलित्झर पारितोषिक मिळालेला हा लेखक. आणि १९९९ मध्ये पुस्तक आलं तेव्हा त्यात त्यांनी स्वतःचंच एक काल्पनिक रूप घालून ठेवलेलं होतं, जो तरुणपणापासून रेगनच्या आसपास वावरतो असं दाखवलंय, कारण इतक्या जवळ बसूनही तो माणूस त्यांच्या हाती लागेना. प्रचंड टीका झाली. माणूस समोर बसलेला असणं आणि तो कळणं यात इतकं अंतर असतं.

आता दुसरी बाजू बघा. रॉबर्ट कॅरो. लिंडन जॉन्सन या अमेरिकन अध्यक्षाचं चरित्र त्यांनी हाती घेतलं तेव्हा जॉन्सन वारलेले होते आणि जवळच्या लोकांपैकी बऱ्याच जणांनी तोंड उघडायला फार वेळ घेतला. कॅरो मूळचे तुमच्यासारखेच, पेपरातले. तरुण असताना त्यांच्या संपादकाने सांगितलं होतं की कागद बघायला बसलास की प्रत्येक पान उलट, काहीही गृहीत धरू नकोस. जॉन्सनच्या लायब्ररीत कोट्यवधी पानं, सगळी वाचणं कुणालाच शक्य नाही, पण सुरुवातीच्या खासदारकीच्या काळातल्या पेट्या त्यांनी पान न पान वाचायचं ठरवलं. त्यांना एक कोडं होतं, की हा तरुण, नवखा, कमिटीतही फारसं स्थान नसलेला खासदार १९४० च्या ऑक्टोबरनंतर अचानक मोठ्या लोकांना ऐकवायला लागतो, असं त्या महिन्यात झालं काय? आणि किरकोळ वाटणाऱ्या कागदांमध्ये एक तार सापडली, टेक्सासच्या एका बड्या कंत्राटदाराची, निवडणुकीसाठीच्या चेकबद्दलची. मग त्या धाग्याने पुढे गेल्यावर कळलं की टेक्सासचा पैसा देशभरातल्या उमेदवारांपर्यंत जॉन्सनच्या हातून जायला लागला होता आणि त्यांचं वजन तिथून वाढलं. ही गोष्ट कुठल्याही आठवणीत, भाषणात, डायरीत अशी लिहून ठेवलेली नव्हती.

तुमच्या बाबतीतही फुटीचं दीड वर्ष असंच बाहेरून उभं राहू शकतं. एक मोठी तारीखवार तक्ता-फाइल करा, कॉम्प्युटरवर साधं शीट चालेल, त्यात रोज कोण कुठे होतं ते भरत जा. सभागृहाच्या कामकाजाचे छापील वृत्तांत, मतदान झालं असेल तर कोण हजर कोण गैरहजर, दौऱ्यांचे कार्यक्रम, दोन्ही गटांच्या बाजूने लिहिणारे पेपर (फक्त तुमचा नको!), कोर्टात काही गेलं असेल तर तिथली प्रतिज्ञापत्रं. समजा साहेबांनी नंतर सगळ्या मुलाखतींमध्ये सांगितलं की मला शेवटच्या रात्रीपर्यंत कल्पना नव्हती, आणि तुमच्या तक्त्यात दिसतंय की त्याच्या आठवडाभर आधी ते दुसऱ्या गटाच्या माणसाबरोबर एका गाडीतून एका कार्यक्रमाला गेले होते, आणि त्या कार्यक्रमाचा फोटो पेपरात आलाय. याने काही सिद्ध होत नाही, पण आता तुमच्याकडे विचारायला प्रश्न आहे, आणि तो घेऊन तुम्ही त्या वेळच्या ड्रायव्हरकडे, पीएकडे, टायपिंग करणाऱ्या बाईंकडे जाऊ शकता. या लोकांना आजवर कुणी काही विचारलेलं नसतं आणि त्यांना वेळा पाठ असतात.

मुलाखतीचं थोडं जास्त लिहिते कारण पत्रकारांना वाटतं हे तर आपल्याला येतंच, आणि बातमीची मुलाखत आणि चरित्राची मुलाखत यात फार फरक आहे. बातमीसाठी तुम्ही कोट घेऊन निघता. इथे त्याच माणसाकडे पुन्हा पुन्हा जावं लागतं, कारण पहिल्यांदा तो जे सांगतो ते त्याने आधी अनेकदा सांगून गुळगुळीत केलेलं असतं. जॉन्सनचा धाकटा भाऊ सॅम ह्यूस्टन असाच होता, रंगवून रंगवून किस्से सांगायचा, प्यायचा, कॅरोंनी त्याचं बोलणं जवळजवळ बाजूलाच ठेवलं होतं. नंतर तो मोठ्या आजारातून उठला, दारू सुटली, शांत झालेला दिसला. तेव्हा कॅरो त्याला जॉन्सन कुटुंबाच्या जुन्या घरात घेऊन गेले, जे आता जसंच्या तसं उभं करून लोकांना बघायला ठेवलंय. पर्यटक निघून गेल्यावर, संध्याकाळी. जेवणाच्या टेबलावर तो लहानपणी जिथे बसायचा तिथेच त्याला बसवलं, आणि स्वतः समोर न बसता त्याच्या मागे वही घेऊन बसले, म्हणजे त्याच्या नजरेसमोर फक्त ते टेबल आणि वडिलांची, भावाची रिकामी जागा. वडील आणि लिंडन यांची जेवताना कशी भांडणं व्हायची ते सांग म्हणाले. आधी अडखळत, मग तो त्या दोघांच्या आवाजात ओरडायलाच लागला. आणि मग कॅरोंनी विचारलं की लिंडनच्या लहानपणाच्या त्या छान छान गोष्टी, ज्या तू आणि बाकी सगळे सांगता, त्या आता परत सांग, जरा बारकाव्यांसकट. तो गप्प झाला. मग म्हणाला की नाही सांगता येणार, कारण त्या कधी घडल्याच नाहीत.

इतक्या वर्षांच्या छापील आठवणी त्या एका संध्याकाळी बाजूला पडल्या. म्हणून म्हणते, एकाच माणसाकडे दुसऱ्यांदा, तिसऱ्यांदा जा, आणि जमेल तर घडलं त्या जागी घेऊन जा.

क्रम कसा लावायचा यावर माझं मत स्पष्ट आहे, आधी वयाने सगळ्यात मोठी माणसं. कागद थांबतात, ऐंशी पार केलेली माणसं थांबत नाहीत. पहिली फेरी तुम्ही कमी तयारीने कराल, चालेल, रेकॉर्डिंग करा, तारीख घाला, आवाजाच्या फायली दोन ठिकाणी ठेवा. कागद वाचून झाले की दुसरी फेरी. आणि साहेबांच्या विरोधकांना सगळ्यात जास्त वेळ द्या, उपचार म्हणून एक मुलाखत नको. त्यांच्या निर्णयांचा ज्यांना फटका बसला त्यांनाही. कॅरोंच्या पहिल्या चरित्राचा नायक रॉबर्ट मोझेस, न्यूयॉर्कमध्ये कधीही निवडून न येता रस्ते, पूल, पार्क यांवर अनेक दशकं सत्ता गाजवलेला माणूस. त्याच्या एका महामार्गाच्या फक्त एका मैलात दीड हजारांच्या वर कुटुंबांची घरं गेली, आणि कॅरोंनी त्या मैलावर राहणाऱ्या लोकांना शोधून काढून एक अख्खं प्रकरण त्यांच्यावर लिहिलं. राजकीय चरित्रात हे यायलाच हवं असं मला मनापासून वाटतं, नेत्याने काय केलं हे अर्धंच, ते कुणावर झालं हे कळेपर्यंत त्याची सत्ता म्हणजे नेमकं काय हे वाचकाला कळत नाही.

आता नोकरी. सोडू नका. निदान आत्ता नाही. मोझेसचं पुस्तक कॅरोंना वाटलं होतं साधारण वर्षभरात होईल. सात वर्षं लागली. प्रकाशकाकडून आधी हातात आलेले अडीच हजार डॉलर केव्हाच संपले आणि त्यांच्या पत्नी आयना यांनी राहतं घर विकलं. पुस्तक १९७४ मध्ये आलं, पुढच्या वर्षी पुलित्झर मिळाला, म्हणून ही गोष्ट आज आपण कौतुकाने सांगतो, पण ती मधली वर्षं त्या घराने कशी काढली असतील याचा विचार करा आणि तुमच्या घरी काय परिस्थिती आहे ते बघा. त्याच काळात न्यूयॉर्कच्या सार्वजनिक ग्रंथालयात लेखकांसाठीच्या एका खोलीत त्यांना बसायला जागा मिळाली, आणि आपल्याला इतकी वर्षं लागतायत याची त्यांना आतून लाज वाटत होती. तिथे जॉर्ज वॉशिंग्टनचे चरित्रकार फ्लेक्सनर आणि फ्रँकलिन-एलिनॉर या रूझवेल्ट दांपत्यावर लिहिणारे लॅश भेटले. कॅरोंनी पाच वर्षं झाली म्हणून सांगितलं, तर फ्लेक्सनर म्हणाले माझी नऊ झाली, लॅश म्हणाले मला सात लागली. ते ऐकून कॅरोंना फार बरं वाटलं. तुम्ही मुलाला "दोन वर्षांत देतो" म्हणालायत असं पत्रात आहे. कृपा करून ते शब्द परत घ्या. जॉन्सनचं म्हणाल तर पहिला खंड १९८२ ला आणि चौथा २०१२ ला, आणि पाचव्याचं काम त्यानंतरही चालूच.

नोकरी सांभाळून हे होतं का? होतं. आपल्याकडचे धनंजय कीर बघा. शिक्षण मॅट्रिकपर्यंतचं, मुंबई महापालिकेत कारकुनी, आणि ती नोकरी करत करत त्यांनी इंग्रजीत सावरकरांचं चरित्र १९५० मध्ये आणि डॉ. आंबेडकरांचं १९५४ मध्ये प्रसिद्ध केलं, दोघेही तेव्हा हयात. पुढे टिळक, फुले, गांधी, शाहू महाराज. १९७१ मध्ये पद्मभूषण मिळालं. आज आंबेडकरांवर जगात कुठेही कुणी लिहायला बसलं तरी कीरांचं पुस्तक त्याला टाळता येत नाही. ऑफिस सुटल्यावरच्या वेळात झालेलं हे काम आहे. तुमची बीट, म्हणजे बातमीदारीचं नेमून दिलेलं क्षेत्र, बदलून घेता येत असेल, रात्रपाळी किंवा डेस्क मिळत असेल तर घ्या, म्हणजे दिवसा ग्रंथालयं उघडी असताना तुम्ही मोकळे असाल. अर्धं साहित्य हातात आलं की एक नमुना प्रकरण आणि आराखडा घेऊन प्रकाशकाकडे आणि अभ्यासवृत्त्यांकडे जा, आणि त्यातून निदान वर्षभराची सोय झाली की मग बिनपगारी रजा मागा. राजीनामा त्याच्याही नंतर. अजून एक, बातमीदार म्हणून तुम्ही ज्यांना रोज भेटता त्यांना स्पष्ट सांगा की हे पुस्तकासाठी आहे, बातमीसाठी नाही, आणि तुमच्या संपादकांनाही लेखी कळवून ठेवा, नाहीतर एखाद्या दिवशी दोन्हीकडून प्रश्न येतील.

राहिली ती शेवटची ओळ. मला वाटतं पूर्ण पत्र तुम्ही ती लिहिण्यासाठीच लिहिलंत.

जवळचा माणूस चांगलं चरित्र लिहू शकत नाही असं मुळीच नाही. न. चिं. केळकरांनी टिळकांचं चरित्र लिहिलं, वर्षानुवर्षं त्यांच्याबरोबर काम केलेलं, केसरी सांभाळलेला. चांगदेव खैरमोडे विद्यार्थी असल्यापासून आंबेडकरांच्या सहवासात आणि तेव्हापासून कागद जमवणारे, त्यांच्या चरित्राचा पहिला खंड १९५२ ला आला आणि बरेचसे खंड त्यांच्या स्वतःच्या मृत्यूनंतर निघाले. त्यांनी जमवून ठेवलं नसतं तर कितीतरी पत्रं, कितीतरी प्रसंग आज आपल्याला मिळालेच नसते. जिव्हाळा असल्याशिवाय माणूस इतकी वर्षं एका आयुष्याच्या मागे लागतच नाही. तुम्हाला साहेबांचा आवाज माहितीये, ते चिडल्यावर काय करायचे, कुणाचा फोन आला की उठून बाहेर जायचे, हे तिसऱ्या माणसाला कधीच कळणार नाही.

फक्त एक करा, आणि इतर कुठल्याही कामाच्या आधी करा. तुम्ही स्वतः जे पाहिलं, ऐकलं ते सगळं एका वेगळ्या फाइलमध्ये लिहून काढा. साधारण तारीख, जागा, आणखी कोण हजर होतं. त्यांनी तुमच्यासाठी काय केलं तेही, तुमच्या कठीण दिवसात त्यांनी केलेल्या मदतीबद्दल तुम्ही लिहिलंय तेही त्यात येऊ दे. पुढे लिहिताना त्या फाइलकडे दुसऱ्या एखाद्या साक्षीदाराची मुलाखत असावी तसं बघा, तिच्यातलं वाक्य वापरायचं असेल तर इतरांचं वापरताना जशी खातरजमा कराल तशीच करा. आणि प्रस्तावनेत तुमचं नातं काय होतं, मदत काय झाली, हे लपवू नका, वाचक समजूतदार असतो, त्याला सांगितलेलं नातं चालतं.

खासगी आयुष्याबद्दल तुम्ही आडून विचारलंय म्हणून एवढंच, जी गोष्ट त्यांच्या सार्वजनिक निर्णयाला लागून आहे ती घ्या, बाकीची राहू दे, आणि जिवंत माणसांबद्दल जे जे लिहाल ते छापायच्या आधी वकिलाला वाचायला द्या.

आणि हो, फुटीचं प्रकरण सगळ्यात शेवटी लिहायला ठेवू नका. ते आधी लिहा. त्यात तुम्हाला जे अवघड जाईल, जिथे हात थांबेल, ते लवकर कळलेलं बरं, कारण तेव्हा विचारायला माणसं अजून असतील. मुलाला या आठवड्यातच पत्र लिहा, फोनवर बोलू नका, वरच्या अटी त्यात घाला. तो काय म्हणतो ते कळवा, करारातलं एखादं कलम अडलं तर तसंच्या तसं पाठवा, आपण बघू.